मुंबईच्या साथी आणि आमचे वाङ्मय

सन २०२० च्या उन्हाळ्यात घराबाहेर पाऊल टाकण्याची सोय राहिली नव्हती, तेव्हा आमच्या परिचयाच्या कितीतरी सुशिक्षित कुटुंबांत एकच परकी कादंबरी वाचली जात होती. अल्बेर कामू या फ्रेंच ग्रंथकाराची ‘द प्लेग’ ही ती कादंबरी. ती १९४७ साली प्रसिद्ध झाली. तिचे कथानक आफ्रिकेच्या उत्तर किनाऱ्यावरील ओरान शहरात घडते, आणि तिच्या आरंभी जिन्यांवर व गटारांकाठी उंदीर मरून पडू लागतात. दूरध्वनीवर गप्पा निघाल्या की त्या उंदरांचा विषय हटकून निघे. ओरानचे ते उंदीर ग्रंथकाराच्या कल्पनेतले होत. परंतु ज्या शहरात बसून आमची ही मित्रमंडळी बोलत होती, त्याच शहरातील मांडवीच्या वखारींतून खरोखरीचे उंदीर खरोखरीच पडले होते आणि त्यांच्यामागोमाग माणसे पडली होती, ही गोष्ट दहांतील एकासही चटकन आठवेना. ज्यांस आठवली त्यांसही ती पुण्याचीच म्हणून आठवली. प्लेग म्हटले की रँड, चाफेकर आणि गणेशखिंड.

आम्हांस या गोष्टीचे नवल वाटले व थोडी शरमही वाटली, कारण आमचीही स्थिती फारशी निराळी नव्हती. तेव्हापासून मुंबई बेटातील साथींविषयी जे लिहिलेले हाती येईल ते वाचण्याचा परिपाठ आम्ही ठेवला. आम्ही वैद्य नव्हे आणि इतिहाससंशोधकही नव्हे. वाङ्मय शिकविणे हा आमचा व्यवसाय. तेव्हा हे सगळे लिखाण आम्ही वाङ्मय म्हणूनच वाचले. ते कोणी लिहिले, कोणासाठी लिहिले, त्यात कोण बोलतो आणि कोणास बोलू दिलेले नाही, हेच प्रश्न आम्ही त्यास विचारले.

या वाचनात अगदी प्रथम भेटले ते एक अनपेक्षित गृहस्थ. गार्सिया द ऑर्ता हा पोर्तुगीज वैद्य सोळाव्या शतकाच्या मध्यास गोव्यात राहत असे, व मुंबईचे बेट त्या काळी त्याच्याकडे खंडाने होते. १५६३ साली गोव्यात छापलेल्या त्याच्या ग्रंथात हिंदुस्थानातील औषधी व वनस्पती यांचे संवादरूपाने विवेचन आहे. मुंबईच्या आपल्या मळ्यातील आंब्याचे कौतुकही त्यात आहे, आणि पटकीच्या रोगाचे एक वर्णनही आहे. रोगाचे नाव तो ‘मोर्देशी’ असे देतो. हा शब्द आमच्या घरगुती ‘मोडशी’चाच अपभ्रंश होय, हे कोशकारांनी कधीच दाखवून दिले आहे. पुढे फ्रेंचांच्या तोंडी त्याच शब्दाचे ‘मॉर द शियाँ’, म्हणजे ‘कुत्र्याचे मरण’, असे झाले. जेवण जड होऊन पोट बिघडले म्हणजे ‘मोडशी झाली’ असे म्हणून ज्या रोगावर आजीबाई ओवा व सैंधव काढीत, त्याचे नाव समुद्र ओलांडून जाता जाता एवढे भयंकर व्हावे, यात भाषाशास्त्रापेक्षा अधिक काही आहे असे आम्हांस वाटते. आमच्या भाषेने त्या मरणास घरातले, हाताळलेले, जवळजवळ आटोक्यातले नाव दिले; परक्यास त्यात कुत्र्याची तडफड दिसली. साथीविषयीच्या पुढील सर्व लिखाणात ही दोन टोके कायम आहेत.

इंग्रजांच्या हाती बेट आले, कंपनीने १६६८ साली ते राजाकडून घेतले, आणि लवकरच ते इंग्रजांची स्मशानभूमी म्हणून प्रसिद्ध झाले. डॉक्टर जॉन फ्रायर व पाद्री ओव्हिंग्टन यांच्या प्रवासवृत्तांतून या अपकीर्तीची सुरुवात होते. विलायतेहून आलेल्या माणसाने येथे दोन पावसाळे काढले म्हणजे पुष्कळ झाले, अशी तेव्हाची समजूत होती. या मृत्यूंचे कारण त्यांनी कशावर लादावे? तर नारळीच्या बुंध्याशी खत म्हणून पुरल्या जाणाऱ्या कुजक्या मासळीवर! मासळीची दुर्गंधी हवेत मिसळते, हवा विषारी होते आणि माणसे मरतात, असा तो सिद्धांत; त्याच्या आधारे मासळीच्या खतावर बंदीचे हुकूमही सुटले. खरा शत्रू भरतीच्या पाण्याने तुंबलेल्या दलदलीत गुणगुणत होता, पण त्याच्याकडे कोणाचे लक्ष जाणे तेव्हा शक्य नव्हते. मुंबईच्या भंडाऱ्याने पिढ्यान् पिढ्या आपल्या माडांना जे खत घातले त्याबद्दल तो अपराधी ठरला, हे मात्र ध्यानात ठेवण्याजोगे आहे. रोगाची उपपत्ती दर शतकास बदलली. अपराधी कोण हे ठरविण्याची रीत बदलली नाही.

यानंतरचा वृत्तांत आम्ही भरभर उलटतो. हॉर्नबीचा बांध झाला, खाड्या बुजल्या, सात बेटांचे एक बेट झाले. ता. १४ जून १८०२ रोजी मुंबईत अ‍ॅना डस्टहॉल या तीन वर्षांच्या मुलीस देवीची लस टोचण्यात आली. बगदाद-बसऱ्याच्या वाटेने आलेली ती लस हिंदुस्थानात प्रथम तिच्याच अंगी लागली, आणि तिच्या दंडावरून एका मुलाच्या दंडावरून दुसऱ्याच्या, अशी ती देशभर गेली. ज्या देवीची भीती माहीमच्या शीतलादेवीपाशी नारळ फोडून शमविली जाई, तिचे उच्चाटन हिंदुस्थानातून १९७५ साली झाले. या पावणेदोनशे वर्षांच्या कहाणीचे पहिले पान एका लहान मुलीचा दंड हे आहे. शाळांच्या क्रमिक पुस्तकांनी या मुलीची उपेक्षा का केली असावी, हे आम्हांस सांगता येत नाही. १८१८ साली पटकीची मोठी साथ मुंबईत शिरली व नंतर ती येथे वस्तीसच राहिली. १८६० साली विहारचे पाणी आले, १८७९ त तुळशीचे, १८९२ त तानशाचे. गोविंद नारायण माडगावकरांचे ‘मुंबईचे वर्णन’ १८६३ तले. त्या पुस्तकातला आनंद हा वाढत्या, सुधारत्या शहराचा आनंद आहे.

आणि येथेच आमचा पहिला आक्षेप येतो. मुंबईच्या इतिहासकारांनी साथींस एका ठरीव कथानकात बसवून टाकले आहे. बेट रोगट होते, इंग्रज आले, दलदल बुजविली, पाणी आणले, गटारे बांधली, बेट निरोगी झाले, असे ते कथानक. मधूनमधून साथ येते ती नाटकातील खलपुरुषाप्रमाणे. नायकाचे शौर्य दिसावे एवढ्यासाठीच. एस. एम. एडवर्ड्‌स यांचा ‘द राइझ ऑफ बॉम्बे’ हा १९०२ चा ग्रंथ याचा उत्तम नमुना होय. ग्रंथ सुरेख आहे, लेखणी डौलदार आहे, आणि मुंबईचे इतक्या प्रेमाने लिहिलेले इंग्रजी चरित्र आम्ही क्वचितच वाचले आहे. पण त्याच्या जन्माची हकीगत पाहा. १९०१ च्या खानेसुमारीच्या अहवालाचा हा एक भाग. तोच वेगळा छापून त्याचे पुस्तक झाले. त्या खानेसुमारीत मुंबईची लोकसंख्या भरली ७,७६,००६. दहा वर्षांपूर्वी ती होती ८,२१,७६४. गणती प्लेगाच्याच हंगामात झाली आणि पुष्कळ लोक गावी पळालेले होते, हे खरे. तरीही ‘उत्कर्ष’ हे नाव मिरविणारा हा ग्रंथ, शहर आकसले आहे असे सांगणाऱ्या कागदांच्या पोटी जन्मला, हा योगायोग ग्रंथकाराच्या शैलीस कोठेही अडखळवीत नाही, याचे आम्हांस नवल वाटते.

आता प्लेगाकडे वळू. ता. २३ सप्टेंबर १८९६ रोजी मांडवीतील एका रोग्यास डॉक्टर अकासिओ व्हिएगस यांनी पाहिले व हा गाठीचा प्लेग आहे असे निदान केले. डॉक्टर मूळचे गोव्याकडील हडफड्याचे. त्यांचे निदान प्रथम पुष्कळांनी मानले नाही. व्यापारी शहराच्या मानाचा व जहाजांच्या येण्याजाण्याचा प्रश्न होता. आज त्यांचा पुतळा धोबीतलावाजवळ, मेट्रो चित्रपटगृहासमोर उभा आहे, आणि तेथून रोज जाणाऱ्या हजारोंपैकी फारच थोड्यांस तो कोणाचा हे सांगता येईल. पुढे हाफकिन आले. त्यांनी ग्रँट मेडिकल कॉलेजच्या एका खोलीत लस सिद्ध केली, १० जानेवारी १८९७ रोजी ती स्वतःस टोचून घेतली, आणि नंतर ती भायखळ्याच्या तुरुंगातील कैद्यांवर पाहिली. या विज्ञानकथेचे वीररसपूर्ण वर्णन पुष्कळांनी केले आहे. त्यात आम्ही भर घालीत नाही.

त्या दोन-तीन वर्षांचे सरकारी अहवाल आहेत. म्युनिसिपल कमिशनर स्नो यांचा १८९७ चा, पुढे नेथन यांचा, कॅप्टन कॉन्डन यांचा १९०० चा. वाङ्मयाच्या अभ्यासकाने ते वाचावेत अशी आमची आग्रहाची शिफारस आहे, कारण त्यांत अनावधानाने आलेले खरेपण पुष्कळ आहे. स्नोसाहेबांच्या भीतीचाच एक नमुना घ्या. रोग्यांस जबरदस्तीने इस्पितळात नेण्याचे कडक हुकूम ऑक्टोबर १८९६ त निघाले आणि थोड्याच दिवसांत ते सैल करावे लागले. का? लोक चिडले हे एक. पण साहेबांची झोप उडाली ती दुसऱ्याच विचाराने. शहरातील हलालखोर घाबरून गावी निघून गेले तर? नळ, गटारे, तानशाचे पाणी, इस्पितळे, सारे जागच्या जागी असूनही, पहाटे पाटी व झाडू घेऊन येणारा माणूस आला नाही तर हे शहर राहण्यास लायक उरणार नाही, हे त्या अधिकाऱ्याने जाणले होते. ज्याची सावली चुकविण्यात आमच्या लोकांचे आयुष्य गेले, त्याच्या जाण्या-राहण्यावर साम्राज्याचे दुसरे शहर टांगलेले आहे, ही कबुली आमच्या कोणत्याही कादंबरीत नाही. ती एका सरकारी अहवालात आहे. गिरण्यांचीही तीच गत झाली. मजूर मिळेनात म्हणून महिन्याच्या पगाराची जुनी पद्धत मोडून मालकांस रोजचा दाम रोज मोजावा लागला.

घरांची हकीगत अशी. ज्या घरात प्लेगाने माणूस दगावले त्याच्या दाराशी एक वर्तुळ काढीत व त्यापाशी तारीख घालीत. जे घर माणसाने राहण्यास नालायक, त्यावर तीन इंग्रजी अक्षरे रंगवीत. कौले काढून आत ऊन सोडीत, आगीच्या बंबांनी भिंती धूत, चुन्याची सफेती करीत. प्लेग कमिटीच्या काळची छायाचित्रे उपलब्ध आहेत. त्यांत साहेब, दाक्तर व शिपाई ओळीने उभे असतात आणि रिकामे घर त्यांच्या मागे असते. घरातली माणसे चित्रात नसतात, आणि असली तर खाटेवर असतात.

आम्ही विद्यार्थ्यांस डीफोचे ‘जर्नल ऑफ द प्लेग इयर’ अनेक वर्षे शिकविले. १६६५ च्या लंडनच्या साथीचे ते वर्णन १७२२ साली लिहिलेले आहे. साथ आली तेव्हा डीफो अवघा पाचएक वर्षांचा होता, आणि पुस्तकात बोलतो तो एक काल्पनिक खोगीर-व्यापारी. तरीही लंडनचा तो उन्हाळा जगास ठाऊक आहे तो त्या खोगीरवाल्यामुळे. लंडनमध्ये रोगी निघालेले घर बाहेरून बंद करून दारावर तांबडा क्रूस काढीत व पहारेकरी बसवीत. म्हणजे रोग्यास आत कोंडीत. मुंबईत उलट, रोग्यास ओढून बाहेर नेत. एकाची भीती घराच्या आत राहण्याची, दुसऱ्याची घराबाहेर जाण्याची. मुंबईकराच्या या भीतीस स्वतःचे असे काही वाङ्मय होते काय? आमच्या मते होते, व ते अफवेच्या रूपाने होते.

ता. २९ ऑक्टोबर १८९६ रोजी सुमारे हजार गिरणी कामगारांनी आर्थर रोडच्या इस्पितळावर हल्ला केला. त्यामागे नाना तऱ्हेच्या वदंता होत्या. इस्पितळात जिवंत गेलेला परत येत नाही, ही पहिली. आणि दुसरी अशी की, इस्पितळात हिंदी रोग्यांची काळजे काढून विलायतेस राणीकडे पाठवितात. याच महिन्यात मुंबईतील राणीच्या पुतळ्यास कोणी डांबर फासले होते. त्या अपमानाने राणी कोपली असून तिच्या शांतीसाठी ही काळजे लागतात, असे लोक म्हणत. सरकारी लेखकांनी ही वदंता अडाणीपणाचा मासला म्हणून नोंदविली, आणि आमच्या शहाण्या वर्तमानपत्री मंडळींस तिची लाजच वाटली असावी. आम्हांस मात्र ती फार मोलाची वाटते. तीत कथानक आहे, कारण आहे, कोप आहे, बळी आहे. जरीमरीचा कोप झाला म्हणजे गावाने बळी द्यावा व मरीआईचा गाडा वेशीबाहेर ओढून न्यावा, ही कोकण-देशावरची जुनी चाल गिरणगावातील माणसाने नव्या धन्याच्या देवतेस लावली, एवढेच. पुतळा हीच मूर्ती, तिचा अपमान हेच पाप, इस्पितळ हेच देऊळ. ज्याच्या हाती अक्षर नव्हते त्याने आपल्या भोवतीच्या राज्यव्यवस्थेचा लावलेला हा अर्थ होता. रोगाविषयी तो चुकला. सत्तेविषयी अगदीच चुकला असे आम्ही म्हणणार नाही.

पुष्कळांनी शहर सोडले. १८९७ चा फेब्रुवारी संपेपर्यंत निम्म्याच्या आसपास वस्ती आगगाड्यांनी, गलबतांनी व पायी बाहेर पडली असा अंदाज आहे. पळालेल्यांबरोबर रोगही गेला. ‘उंदीर पडला’ या दोन शब्दांचा अर्थ त्यानंतर महाराष्ट्रातील गावोगावी पोराटोरांस समजू लागला. उंदीर पडला की गाव सोडून रानात झोपड्या घालावयाच्या. ‘गाठ उठली’ हा प्रयोगही तेव्हाचाच. ‘प्लेगच्या साली’ ही तर कालगणनाच झाली.

आता आमच्या वाङ्मयाने या सर्वाचे काय केले ते पाहू. पुण्याचा प्लेग वाङ्मयात आहे. ‘केसरी’चे अग्रलेख आहेत, चाफेकरांचे आत्मवृत्त आहे, २२ जून १८९७ च्या रात्रीवर ग्रंथ, नाटके व चित्रपट आहेत. मुंबईच्या प्लेगाची म्हणून जिचे नाव चटकन ओठांवर यावे अशी एकही मराठी कादंबरी नाही. याचे नेहमीचे उत्तर असे की, पुण्यात जुलूम झाला, गोळी झाडली गेली, म्हणून पुणे लक्षात राहिले. हे उत्तर खोटे नाही, पण अपुरे आहे. पुण्यातील जुलमाची जी वर्णने आपण वाचतो त्यांत राग कशाचा आहे? गोरा सोल्जर बुटासकट स्वयंपाकघरात शिरला, देवघर विटाळले, बायकांच्या अंगास हात लावला, याचा. हा राग न्याय्य आहे. परंतु तो ज्यास स्वयंपाकघर निराळे आहे, देवघर निराळे आहे, त्या वर्गाचा राग आहे, म्हणजे आमचा. मांडवी, कामाठीपुरा, नागपाडा येथील दहा फूट खोलीत चूल, देव, बाळंतीण आणि मरणारे माणूस ही सारी एकाच भिंतीस टेकलेली होती. तेथे बुटाने विटाळण्यास वेगळे असे काय होते? जे घडले ते निराळ्या जातीचे दुःख होते, आणि त्यास शब्द देणारा वर्ग लेखणी धरण्याच्या स्थितीत नव्हता. आम्ही होतो, पण ते दुःख आम्हांस आपले वाटले नाही. इतकेच नव्हे, तर मुंबईतील आमच्यापैकी अनेक प्रतिष्ठितांचा आक्षेप वेगळे ठेवण्याच्या तत्त्वास नव्हताच. आम्हांस आमच्या जातीचे इस्पितळ स्वतंत्र मिळावे, एवढेच त्यांचे मागणे होते, व तशी जातवार इस्पितळे निघालीही.

एका माणसाने हे लिहिले असते असे आम्हांस राहून राहून वाटते. नारायण मेघाजी लोखंडे हे ‘दीनबंधू’चे संपादक, गिरणी कामगारांचे पहिले पुढारी, रविवारची सुटी मजुरांस १८९० साली मिळाली ती त्यांच्या खटपटीने. चाळ त्यांस आतून ठाऊक होती, मराठी लेखणी हाती होती, आणि साथीत ते शहर सोडून गेले नाहीत. ९ फेब्रुवारी १८९७ रोजी ते प्लेगानेच वारले. पुढे महिन्याभरात, १० मार्च रोजी, पुण्यास रोग्यांची शुश्रूषा करता करता सावित्रीबाई फुले गेल्या. साक्षीदारच साथीने उचलले, असे हे झाले. १९०५ साली हुबळीस केशवसुत प्लेगाने गेले व मागोमाग त्यांची पत्नीही गेली. आधुनिक मराठी कवितेचा जनक ज्या रोगाने नेला त्या रोगाचे नाव आपल्या कवितेच्या इतिहासात एका तारखेच्या शेजारी येते, आणि तेवढेच.

न्यायाने सांगितले पाहिजे की, आत्मचरित्रकारांनी हे काम कादंबरीकारांपेक्षा चांगले केले आहे. सावरकरांच्या ‘माझ्या आठवणीं’त भगूर व नाशिक येथील प्लेगाचा भाग, त्यांच्या राजकारणाविषयी वाचकाचे मत काहीही असो, वाचून बाजूस ठेवता येत नाही. वडील गेले, भाऊ आजारी पडले, आणि दारात कोणी येईना. येथे प्लेग हा सरकारचा जुलूम म्हणून येत नाही, घरातले मरण म्हणून येतो. अशी पाने मुंबईच्या चाळींतून का आली नाहीत, हाच तर आमचा प्रश्न.

प्लेगानंतरच्या साथींची गत याहून वाईट आहे. १९११ साली बेंटली यांनी मुंबईच्या हिवतापाचा अहवाल लिहिला. डास घरगुती विहिरींत वाढतात असे दाखविले, आणि विहिरी झाकण्या-बुजविण्यावरून शहरात मोठा वाद माजला. पारशी व हिंदू घरधन्यांस विहिरीचे पाणी धर्मास लागे. या वादात केवढे उत्तम प्रहसन दडले होते! पण आमच्या नाटककारांचे लक्ष तेव्हा पुराणांतील राजेरजवाड्यांकडे होते. आणि १९१८ च्या इन्फ्लुएंझाविषयी तर बोलावयासच नको. जून महिन्यात गोदीवरील सात पोलीस शिपाई तापाने पडले, पावसाळ्यात साथ ओसरलीसे वाटले, आणि सप्टेंबरात ती दुसऱ्यांदा उलटली. ६ ऑक्टोबर या एका दिवशी मुंबईत ७६८ माणसे मेली. सबंध देशात सव्वा कोटीच्या आसपास किंवा त्याहून अधिक माणसे गेली असे अभ्यासक मानतात. प्लेगाने वीस वर्षांत जे केले ते या तापाने चार महिन्यांत केले. आमच्या आजीचे तेव्हा सहावे वर्ष. ती त्या तापास ‘मानमोडी’ म्हणे. तिच्या बोलण्यात मानमोडी ही एखाद्या द्वाड शेजारणीसारखी येई: ‘मानमोडी आली तेव्हा आमच्या दोन काकवा एका आठवड्यात गेल्या, आणि स्वयंपाक कोणी करायचा हा प्रश्न पडला.’ एवढेच एक वाक्य. त्यातला स्वयंपाकाचा प्रश्न आम्हांस बालपणी निर्दयपणाचा वाटे. आता तसे वाटत नाही.

बाकी बोलभाषेने साथींची आठवण वाङ्मयापेक्षा अधिक इमानाने ठेवली, ती शिव्यांत. ‘पटकी आली तुझ्यावर’, ‘वाखा होवो’, ‘जरीमरी नेवो’ असे ज्या बायकांच्या तोंडून आम्ही नळावर ऐकले त्यांपैकी कोणी पटकी पाहिलेली नव्हती. पटकी गेली, तिची शिवी राहिली. विमानतळाकडे जाणाऱ्या वाटेवर जरीमरी नावाची वस्ती आहे. तेथील मुलांस ते नाव केवळ पत्त्यासाठी लागते. वांद्र्याच्या गल्ल्यांतून प्लेगाच्या काळी उभारलेले दगडी क्रूस अजून आहेत, आणि वैशाखात त्यांस फुलांच्या माळा घालून तेथे प्रार्थना होतात. लेखकांनी जे केले नाही ते ख्रिस्ती गावकऱ्यांनी दगडात केले.

अलीकडील इतिहासकारांनी जुने कथानक मोडले आहे, ही समाधानाची गोष्ट होय. डेव्हिड आर्नल्ड, राजनारायण चंदावरकर, मृदुला रामण्णा, प्रशांत किदंबी यांच्या लेखनाने इस्पितळाकडे रोग्याच्या बाजूने पाहण्याची दृष्टी आली. जंतूचा शोध १८९४ साली लागूनही मुंबईचे अधिकारी घाण, दमट जागा व गरिबांची वस्ती यांसच रोगाचे मूळ धरून घरे पाडीत राहिले, हे किदंबी यांनी फार चांगले दाखविले आहे. पिसवेचे कार्य तर सिमाँ याने १८९८ त सांगूनही कित्येक वर्षे कोणी मनावर घेतले नाही. परंतु हे सर्व ग्रंथ इंग्रजीत आहेत, आणि जे कागद त्यांनी उलटे धरून वाचले ते मुख्यतः तेच साहेबांचे कागद होत. रोग्याचे म्हणणे त्यांस अधिकाऱ्याच्या तक्रारीतून गाळून घ्यावे लागते. यात त्यांचा दोष नाही. आमच्या पणजोबा-खापरपणजोबांनी लिहून ठेवले नाही, हा दोष आहे.

आणि आम्ही स्वतः? १३ मार्च २०२० रोजी या राज्यात जो कायदा लागू करण्यात आला तो ४ फेब्रुवारी १८९७ चाच, प्लेगासाठी केलेला. १४ एप्रिलला वांद्रे स्थानकाबाहेर जो जमाव गावी जाण्यासाठी जमला, आणि पुढे कसाऱ्याच्या घाटातून जे तांडे पायी गेले, त्यांस पाहून आम्हांस आपण हे कोठेतरी वाचले आहे असे वाटावयास हवे होते. वाटले नाही, कारण वाचलेले नव्हते.

महाविद्यालय पुन्हा उघडले तेव्हा आम्ही वर्गास सांगितले की, टाळेबंदीच्या दिवसांवर प्रत्येकाने दोन पाने लिहावीत. साठ-सत्तर निबंध आले. बहुतेकांनी दूरचित्रवाणीवर ऐकलेले आकडे लिहिले होते, थाळ्या वाजविल्याचे लिहिले होते, निसर्ग कसा शुद्ध झाला हे लिहिले होते. एक-दोघांनी कामूचा उल्लेख केला होता, त्यांस आम्ही चांगले गुण दिले. एका मुलीचा निबंध निराळा होता. तिचे वडील बेस्टच्या बसवर वाहक. त्या दिवसांत इस्पितळांच्या नोकरवर्गाची ने-आण करण्यासाठी बसगाड्या चालूच होत्या. वडील रात्री आले म्हणजे चाळीच्या सामाईक नळावर कपड्यांसकट आंघोळ करीत, आणि खोलीत न येता गॅलरीत गोणपाटावर निजत. आई दाराच्या फटीतून ताट सरकवी. शेजाऱ्यांनी नळावर येण्यास हरकत घेतली, तेव्हा ते पहाटे तीनला उठून आंघोळ करू लागले. मुलीने बेचाळीस रात्री मोजल्या होत्या, आणि कोणत्या रात्री वडील खोकले तेही लिहिले होते. निबंधात ऱ्हस्वदीर्घाच्या चुका पुष्कळ होत्या, व शेवट अर्धवट सुटला होता. आम्ही त्यास दहांपैकी पाच गुण दिले, आणि समासात तांबड्या शाईने ‘शुद्धलेखनाकडे लक्ष द्यावे’ असे लिहून कागद परत केला.